जोडा बाहेर, माणूस आत

आमच्या ऑफिसातले काका लोकांच्या चपलांची तोंडं फिरवायचे. यापेक्षा सरळ मला सांगता येत नाही. कुणाच्या घरी गेले, विहारात गेले, दवाखान्यात गेले, की आधी दाराशी उकिडवे बसायचे. तिथं पडलेल्या चपला, बूट, सँडल जोडीजोडीनं लावायचे आणि सगळ्यांची तोंडं रस्त्याकडे करायचे. मग रुमालाला हात पुसून आत यायचे. पहिल्यांदा माझ्या घरी आले तेव्हा माझी आई स्वयंपाकघराच्या दारातून बघत राहिली आणि मला हळूच म्हणाली, "हा माणूस जेवायला आलाय की कामाला?"

"तोंड भायेर करून ठेवावं, ताई," काका म्हणायचे. "माणसाला जायाला सोपं जातं."

हे ते जपान्यांकडून शिकले होते. काका मूळचे अजिंठ्याजवळच्या खेड्यातले. लेण्यांवर येणाऱ्या जपानी पाहुण्यांच्या मागं फिरता फिरता त्यांनी भाषा उचलली, मग अभ्यास करून रीतसर गाईड झाले आणि सगळी उमर त्या डोंगरात काढली. पुढं जपानी पाहुणे आटले, कोरोनात उरलेसुरले यायचेही थांबले, आणि काका स्टेशन रोडवरच्या आमच्या ट्रॅव्हल ऑफिसात कोपऱ्यातल्या टेबलाशी येऊन बसले. मी तिथं तिकिटं आणि व्हिसाचे कागद बघते. आमचे शेठ बेगमपुऱ्यातले. मनानं मोठे आणि जाहिरातीच्या बाबतीत पूर्ण बेशरम.

अंगानं काका काडीसारखे. पांढरा शर्ट, कडक इस्त्री. हातात कायम एक मिटलेली छत्री, आणि चालताना ती डोक्याच्या वर धरलेली, म्हणजे मागच्यांना दिसावी. मागं कुणी नसलं तरी. दुपारी आम्ही तिघं गुलमंडीवर खायला गेलो तरी ते गर्दीत छत्री वर धरून पुढं चालायचे आणि वळून वळून बघायचे. मला लाज वाटायची. शेठला मजा वाटायची. "काका, हम इधरीच पैदा हुए, गुम नै होते," ते ओरडायचे. काका ऐकायचे नाहीत.

आणि बोलणं. सकाळी शटर वर गेलं की जे सुरू व्हायचं ते संध्याकाळपर्यंत. रांगेतल्या शेवटच्या माणसाला ऐकू जावं अशा आवाजात. ऑफिसात कुणी काही वेळ गप्प बसलं की ते अस्वस्थ व्हायचे. मी मान खाली घालून फॉर्म भरत असले की दर थोड्या वेळानं, "ताई, हायेत ना?" एकदा मी वैतागून म्हणाले, "काका, जरा शांतता असू द्या हो." तर माझ्याकडे बघत म्हणाले, "शांतता लई वाईट, ताई. शांततेत माणूस गेलेला कळत नाय."

मला वाटलं, म्हातारपण. दुसरं काय वाटणार?

चपलांपायी त्यांनी मार खाल्ला ती गोष्ट सांगते. पैठण रोडला, चितेगावच्या अलीकडं, एका मंगल कार्यालयात शेठच्या ओळखीतलं लग्न होतं. जेवणं झाली आणि काका दिसेनात. मग दाराकडून गलका ऐकू आला. जाऊन बघते तर नवरदेवाकडच्या चार पोरांनी काकांची कॉलर धरलेली आणि काकांच्या हातात बायकांच्या सोनेरी चपलांचा एक जोड. "चोरी करतो का रे म्हाताऱ्या?" म्हणत एकानं माझ्यासमोर त्यांच्या कानाखाली वाजवली. मी त्या पोराला जे बोलले ते इथं लिहिण्यासारखं नाही.

काका मात्र रागावले नाहीत. गालावर हात ठेवून म्हणाले, "पोरांनो, मारा नंतर. हा जोडा लई येळचा इथंच हाय. बाकीचे गेले, हा तसाच. जोडा भायेर, म्हंजी माणूस आत. आधी बगा, कोण राहिलंय."

बघितल्याशिवाय ते हलेचनात. शेवटी वधूच्या खोलीत गाद्यांच्या मागं एक म्हातारी मावशी झोपलेली सापडली. सगळे हसले. ज्यानं मारलं होतं तोही हसला, पण माफी कुणी मागितली नाही. रिक्षात मी त्या पोरांना शिव्या देत होते आणि काका सुजलेल्या गालानं सारखं एकच म्हणत होते, "झोपली व्हती. बरं झालं. नुसती झोपली व्हती."

दुसऱ्या दिवशी त्यांचा मुलगा ऑफिसात आला. तो कॉलेजात शिकवतो; शांत, हुशार, स्वच्छ बोलणारा. त्या दिवशी मात्र उभ्या उभ्या फुटला. "बाबा, आज्यानं धर्म बदलला तो काय लोकांच्या चपला सरळ करायला? ज्यांच्या जोड्यांपाशी आपल्याला पिढ्यान् पिढ्या बसवलं, त्यांच्याच दाराशी तुम्ही आपल्या पायांनी जाऊन बसता. आणि वर मार खाता?"

"करायला लावलं म्हणून करणं येगळं," काका म्हणाले, "आन् आपल्या मनानं करणं येगळं."

"बघणाऱ्याला ते कसं कळणार?"

काका टेबलावरचे कागद सारखे करू लागले. खरं सांगायचं तर मनातून मी मुलाच्याच बाजूची होते. जाताना त्यानं एक कापडी पिशवी काकांच्या टेबलावर ठेवली. "हेही इथंच राहू द्या. घरात आता नको."

पिशवीत एक जोडी बूट होते. काळे, कातडी, जुन्या पद्धतीचे, आणि आरशासारखे चकचकीत. काकांच्या पायांना दोन बोटं मोठे. त्या दिवसापासून ते माझ्या कपाटाच्या खालच्या कप्प्यात राहू लागले. दर शनिवारी काका ते बाहेर काढायचे, पॉलिश करायचे आणि परत ठेवायचे. तिसऱ्या का चौथ्या शनिवारी मी विचारलं, तेव्हा त्यांनी सांगितलं.

"म्हातारे पाव्हणे व्हते," ते म्हणाले. "गटात सगळ्यात मागं. चित्रांच्या लेण्यात जोडे भायेर काढावं लागतात, तुम्हाला म्हाईत हाय. सगळे आत गेले, बघून भायेर आले, बूट घातले. एक जोडा उरला. म्या पाह्यला, ताई. पाह्यला नाय असं नाय. मनात आलं, बसू द्या. एवढ्या लांबून शांततेसाठीच आलेत बुवा. आन् म्या भायेर कठड्याशी माझी ती हत्तीची गोष्ट सांगत बसलो. दर गटाला सांगायचो. लोक हसत व्हते."

गोष्ट संपल्यावर ते आत गेले. म्हातारे पाहुणे अंधारात खांबाला टेकून बुद्धासमोर बसले होते. काकांनी हाक मारली, खांद्याला हात लावला, तसे ते कलंडले. डोलीवाल्यांनी त्यांना तसंच अनवाणी खाली नेलं. दवाखान्यात डॉक्टर म्हणाले, जरा आधी कळलं असतं तर काही करता आलं असतं. डॉक्टर सहज बोलून गेले असतील, पण काकांच्या काळजात ते वाक्य रुतून बसलं. गट मृतदेह घेऊन परत गेला. गडबडीत बूट लेण्याबाहेरच राहिले आणि पहारेकऱ्यानं ते काकांच्या हातात दिले.

"कुरिअर करायचे," मी म्हणाले. मी व्यवहारी बाई आहे.

"त्यांची बायको हाय तिकडं, क्योतोला. गुडघ्यांमुळं ती आलती नाय. दवाखान्यात कागद म्याच भरले, तवापासून पत्ता पाठ हाय." मग बुटाच्या टाचेवरचा नसलेला डाग ते घासत राहिले. "जोडा नुसता पाठवायचा नाय, ताई. तिच्याम्होरं बसून सांगायचंय. तुमचा माणूस एकटा गेला, बाई, आन् मी भायेर लोकांना हसवत व्हतो."

पुढं शेठनं जपानची टूर काढायचं ठरवलं तेव्हा काकांचा चेहरा का बदलला ते मला कळलं. शेठची जाहिरात अशी: क्योतोची शांत देवळं, शांत गल्ल्या, पायी पायी, आपल्या मराठी गाईडसोबत. चटणी-पोळीची सोय. काका उभ्या आयुष्यात जपानला गेले नव्हते. लोकांना आणून दाखवायचा त्यांचा धंदा. कुठं जायचा नव्हे. तेव्हापासून रोज दुपारी ते ऑफिसच्या गच्चीवर जाऊ लागले. मी चहा घेऊन वर गेले की दिसायचं, पाण्याच्या टाकीसमोर गुडघे टेकून, जमिनीला कपाळ लावून ते जपानीत बोलताहेत. तेच ते, पुन्हा पुन्हा. मला अक्षर कळत नव्हतं, पण ऐकून ऐकून त्या बोलण्याची चाल मला पाठ झाली. कुठं थांबतात, कुठं आवाज खाली जातो, सगळं.

गट बरा होता. सिडकोतली, नागसेनवनातली रिटायर मंडळी, बहुतेक बौद्ध घरांतली. वैजापूरकडचं एक जमीनदार जोडपं. आणि एक माजी मुख्याध्यापिका, ज्या विमानतळावरच सगळ्यांच्या मुख्याध्यापिका झाल्या. चटण्या सांभाळायला आणि हिशेब बघायला मी.

क्योतोच्या त्या गल्ल्यांबद्दल खूप लिहिण्यासारखं आहे आणि मला ते लिहवत नाही. लाकडी घरं, दाराशी एकेक कुंडी, घरांना लागून वाहणारा हातभर रुंदीचा पाट, आपल्या दारापुरता रस्ता झाडून वर पाणी शिंपडणारी एखादी आजी. देवळात शिरताना बूट काढायचे, लाकडी ओसरीवर बसायचं आणि समोरच्या शेवाळाच्या बागेकडं बघत राहायचं. कुणी बोलत नाही. पाखरू बोललं तरी दचकायला होतं. आमची मंडळी, जी जालन्याच्या बसमध्येही भांडतात, ती तिथं एकदम गप्प झाली. मीसुद्धा. मला वाटलं, माणसाला एवढंच हवं असतं.

आणि काकांना ते सोसेना. ओसरीवर सगळे डोळे मिटून बसले की ते मागून वाकून एकेकाच्या खांद्याला हात लावत फिरायचे. "दादा, हायेत ना? ताई, झोप लागली का?" एका तरुण भिक्खूनं ओठांवर बोट ठेवलं. काकांनी त्याला वाकून नमस्कार केला आणि पुढच्या माणसाच्या खांद्याला हात लावला. शेवटी मुख्याध्यापिकाबाई कडाडल्या, "अहो, आम्ही शांततेसाठी पैसे भरलेत!"

"बसा की बाई," काका म्हणाले. "फकस्त मधून मधून हलत जावा."

तिसऱ्या दिवशी दुपारी मंडळी बाजारात गेली आणि काका मला म्हणाले, "चला." पिशवी त्यांच्या हातात होती. छत्री हॉटेलवरच राहिली होती. ती विसरलेली मी पहिल्यांदाच पाहिली. दोन पूल ओलांडून, एका अरुंद गल्लीत, त्यांनी कुणालाही न विचारता घर शोधलं. दारावर हात ठेवून ते एवढा वेळ उभे राहिले की शेवटी घंटी मीच वाजवली.

दार उघडलं ते साठीच्या एका बाईनं, त्या पाहुण्यांच्या सुनेनं. काकांनी काहीतरी सांगितलं, बाई आत धावली. मग भिंतीला धरत धरत एक इवलीशी म्हातारी आली. जपानी घरात शिरलं की आधी खालच्या पातळीवर जोडे काढायची जागा असते, घर पायरीभर वर असतं. ती वर बसली. काका खाली, जोड्यांच्या जागेत, गुडघे टेकून. त्यांनी पिशवीतून बूट काढले आणि पायरीला लावून ठेवले. तोंडं आत, घराकडं. इतक्या दिवसांत आत तोंड करून ठेवलेला जोडा मी त्यांच्या हातून प्रथमच पाहिला.

म्हातारीनं एका बुटावर हात ठेवला. काकांनी कपाळ टेकलं आणि गच्चीवरचं ते बोलणं सुरू झालं. पहिलं वाक्य झालं. दुसरं अर्धं झालं. तेवढ्यात म्हातारीनं मध्येच काहीतरी विचारलं, अगदी हळू.

काका थांबले. त्यांनी मान वर केली. बुटांकडं बघितलं, तिच्याकडं बघितलं. मग ते जे बोलले ते गच्चीवर मी कधीच ऐकलं नव्हतं. दोन छोटी वाक्यं. म्हातारीचा चेहरा सगळा विरघळला. ती सुनेला न जुमानता पायरी उतरून खाली आली, काकांचा उजवा हात तिनं आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि कपाळाला लावून रडू लागली. काका दगडासारखे बसले होते.

चहा झाला. निघताना तिनं ते बूट एका जांभळ्या कापडात बांधले आणि दोन्ही हातांवर ठेवून काकांपुढं धरले. काका नको नको म्हणाले. सूनही वाकून आग्रह करू लागली. तिकडं दोन्ही हातांनी दिलेलं नाकारत नाहीत, हे काकांनीच आम्हाला विमानात शिकवलं होतं. त्यांनी ते घेतले.

पुलावर आल्यावर ते कठड्याला टेकले.

"तिनं इचारलं, शेवटी जवळ कोण व्हतं?" ते म्हणाले. "म्या म्हणलो, मी व्हतो. हात माझ्या हातात व्हता."

"बरं केलंत, काका." मला तेव्हा खरंच तसं वाटलं, आजही वाटतं.

"म्हणली, इतकी वर्सं रोज आडवं पडलं की हेच मनात यायचं. आता झोप लागंल."

"मग चांगलंच झालं की."

"तिला लागंल," काका म्हणाले. मग हातातल्या जांभळ्या गाठोड्याकडं बघून, "म्हणली, ज्यानं हात धरला त्याचे हायेत हे."

त्यानंतर उरलेले दिवस काका बोलले नाहीत. रस्ता दाखवायचे, देवळाचं नाव सांगायचे, बस. खांद्याला हात लावणं बंद. मंडळी खूश झाली. मुख्याध्यापिकाबाई मला म्हणाल्या, "आता कसं, गाईडला टूरचा अर्थ कळला." परत आल्यावर त्यांनी शेठला फोन करून काकांची तारीफ केली. मला त्या बाईचा गळा धरावासा वाटला होता, पण त्यांचं काय चुकलं? त्यांना हवं ते मिळालं होतं.

काका ऑफिसात येत राहिले, थोडे दिवस. दाराशी चपला कशाही पडलेल्या असायच्या, ते ओलांडून आत यायचे. मीच कधीकधी त्यांना ऐकू जाईल असं मोठ्यानं बोलायचे. "काका, हायेत ना?" ते मान हलवायचे. मग येणं थांबलं. बूट आता त्यांच्या हर्सूलच्या घरी होते. मुलानं आपण होऊन ते पुढच्या खोलीत, सगळ्यांना दिसतील असे ठेवले होते. जपानहून भेट मिळालेले, म्हणून येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचा. त्याला अभिमान वाटत होता, आणि काका त्याला खरं काय ते सांगत नव्हते.

थंडीत एका रविवारी संध्याकाळी मुलाचा फोन आला. आवाज त्याचा वाटतच नव्हता. "ताई, बाबा गेले. ओसरीवर खुर्चीत बसले होते दुपारपासून. मी दोनदा तिथून गेलो, ताई. दोनदा. मला वाटलं, बरं आहे, आज शांत बसलेत. म्हटलं, बसू द्या."

येते, एवढंच म्हणून मी फोन ठेवला.

दोन दिवसांनी भेटायला गेले. आपल्याकडं मेलेल्याच्या घरी जे विचारतात तेच सगळे विचारत होते. काय झालं होतं? जेवले होते का? काकांची थोरली बहीण गावाहून आली होती, डोळ्यांनी अधू. तिनं भाच्याला जवळ बसवलं, त्याचा चेहरा हातांनी चाचपला आणि विचारलं, "बाळा, शेवटी जवळ कोण व्हतं रं त्याच्या?"

मुलानं माझ्याकडं पाहिलं. मी मान खाली घातली.

"मी होतो, आत्या," तो म्हणाला. "हात माझ्या हातात होता."

"मंग बरं झालं माय," म्हातारी रडत म्हणाली. "लेकाच्या हातात गेला. भाग्याचा." आणि तिनं त्याचा हात घेऊन डोळ्यांना लावला. तो तसाच बसून राहिला. त्याचं ते बसणं मी आधी पाहिलेलं होतं. मी उठले.

तो मला सोडायला दारापर्यंत आला. बूट घेऊन आला होता. "ताई, हे तुमच्याकडं न्या. ऑफिसच्या कपाटातच होते ना आधी. मला आता बघवत नाहीत."

"नाही," मी म्हणाले. "त्या बाईनं ते देताना सांगितलं होतं, ज्यानं हात धरला त्याचे हे बूट. काकांनीही तिला तेच सांगितलं होतं, तुम्ही आत्ता आत्याला सांगितलं ते. अगदी तेच."

मी बोलले ते दुष्टपणानं की मायेनं, मला अजून ठरवता आलेलं नाही. त्याला कळायला थोडा वेळ लागला, आणि कळलं तसा तो उंबऱ्याशी खाली बसला.

बूट त्याच्या मांडीवर होते. मग त्यानं ते दाराशी ठेवले, तोंडं बाहेर करून. शेजारी माझ्या चपला उलट्यासुलट्या पडल्या होत्या. त्यानं त्या उचलल्या, सरळ केल्या आणि माझ्या पायांपुढं लावून ठेवल्या.